शेती आणि संतती : युद्धातील विषाचे ओझे कोणी उचलायचे?

पुण्यातील येरवड्याहून होळकर पूल ओलांडला की खडकीची छावणी लागते. १८६९ पासून बॉम्बे सॅपर्सचे ठाणे येथे आहे. पुलापासून जवळच, मुळा रस्त्यावर, दोन्ही महायुद्धांतील मृत सैनिकांचे स्मारक आणि दफनभूमी आहे. पहिल्या महायुद्धाच्या काळात १९१७ साली मुंबईत सुरू झालेली आणि पुढे खडकीला आलेली अपंग सैनिकांची क्वीन मेरीज टेक्निकल इन्स्टिट्यूटही याच परिसरात आहे. जे रणांगणावर मेले त्यांची नावे दगडावर कोरली गेली. ज्यांचे हातपाय गेले त्यांना नवा हुन्नर शिकविण्याची सोय झाली. पण युद्धात आणखी एका प्रकारची जखम होते, आणि ती वरून दिसत नाही. सैनिक स्वतःच्या पायांनी घरी परततो, विवाह करतो, त्याला मुले होतात. त्याच्या फुफ्फुसात, त्वचेत, रक्तात शिरलेले विष मात्र त्याच्याबरोबर घरी आलेले असते. अशांची गणना कोणत्या दगडावर आहे? आणि त्या विषाचा परिणाम त्याच्या मुलाबाळांपर्यंत पोहोचला, तर त्याचा हिशेब कोणाकडे मागायचा?

श्रद्धावंत माणसापुढे हा प्रश्न अधिकच तीव्रतेने उभा राहतो. कोणताही ओझे वाहणारा दुसऱ्याचे ओझे वाहणार नाही, ही शिकवण पवित्र कुरआनात एकदा नव्हे, अनेकदा आली आहे (अल-अनआम १६४, अल-इसरा १५, अन-नज्म ३८). मग ज्या बालकाने युद्ध पाहिले नाही, शस्त्र हाती धरले नाही, त्याने आपल्या पित्याच्या रणांगणाचे ओझे शरीरावर का वाहावे? या प्रश्नाला भावनेच्या भरात उत्तर देऊन चालणार नाही. आधी घडले काय ते पाहू.

इतिहासाची साक्ष

२२ एप्रिल १९१५ रोजी बेल्जियममधील ईप्र येथे जर्मन सैन्याने क्लोरीन वायू सोडला. त्याच्या पहिल्या तडाख्यात सापडलेल्यांत फ्रान्सच्या सैन्यातील अल्जीरियन मुसलमान होते. चार दिवसांनी, २६ एप्रिलला, हिंदी फौजेची लाहोर डिव्हिजन त्याच आघाडीवर चालून गेली आणि तिच्यावरही वायू सोडण्यात आला. या डिव्हिजनबरोबर खडकीच्या सॅपर्सच्या दोन कंपन्या युरोपात गेल्या होत्या. त्या दिवशी जमादार मीर दस्त या आफ्रिदी पठाणाने विखुरलेली माणसे गोळा करून जागा राखली आणि आठ जखमी अधिकाऱ्यांना गोळीबारातून मागे आणले. त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. ब्रायटनच्या रुग्णालयात स्वतः बादशहाने तो त्यांच्या छातीवर लावला. पदक लागले त्याच छातीत वायूची व्यथा होती.

१९१७ साली मस्टर्ड गॅस आला. या विषाने त्वचा भाजते, डोळे जातात, श्वासनलिका सोलवटते. आणि जे वाचतात त्यांना पुढे कर्करोगाचा धोका राहतो. १९२५ च्या जिनिव्हा करारान्वये अशा विषांचा युद्धातील वापर निषिद्ध ठरला. परंतु ती बनविण्यावर, साठविण्यावर किंवा माणसांवर अजमावून पाहण्यावर त्या कराराने बंदी घातली नव्हती.

या पळवाटेतून जे घडले ते हिंदी सैनिकांच्या बाबतीत घडले. १९३० च्या दशकाच्या सुरुवातीपासून पुढे दहाहून अधिक वर्षे ब्रिटनच्या पोर्टन डाऊन येथील शास्त्रज्ञांनी रावळपिंडीच्या लष्करी ठाण्यात शेकडो हिंदी सैनिकांवर मस्टर्ड गॅसचे प्रयोग केले. किती मात्रेने सैनिक निकामी होतो, आणि हिंदी माणसाच्या त्वचेवर गोऱ्या माणसाच्या त्वचेपेक्षा अधिक परिणाम होतो की कमी, हे त्यांना पाहायचे होते. काही सैनिकांना तर सुती सदरा आणि अर्ध्या चड्डीत वायूच्या खोलीत पाठविण्यात आले. अनेकजण भाजले, काहींना रुग्णालयात ठेवावे लागले. पुढे त्यांचे काय झाले याचा पाठपुरावा कोणी केला नाही. ही कागदपत्रे ब्रिटनच्या राष्ट्रीय अभिलेखागारातून २००७ साली ‘गार्डियन’ या वृत्तपत्राने जगापुढे आणली. तोपर्यंत त्यातील बहुतेक सैनिक हयात नसणार. १९४२ साली येरवड्याच्या आगाखान पॅलेसमध्ये गांधीजींना बंदी करून ठेवले होते, हे साऱ्या जगाला ठाऊक होते. त्याच काळात त्याच राज्यकर्त्यांच्या हाताखाली स्वतःच्याच फौजेतले शिपाई वायूच्या खोलीत जात होते, हे त्यांच्या घरच्यांनाही ठाऊक नव्हते.

आणि नेमक्या त्याच वर्षांत एडिनबरा येथे शार्लट ऑरबाख या विदुषी मस्टर्ड गॅसवर वेगळाच अभ्यास करीत होत्या. त्या यहुदी असल्याने नाझी जर्मनीतून परागंदा झाल्या होत्या. फळमाशीवर प्रयोग करून त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिले की, हे विष केवळ शरीर भाजत नाही. ते आनुवंशिक द्रव्यातच बदल घडविते आणि तो बदल पुढच्या पिढीत उतरतो. युद्धकालीन गुप्ततेमुळे हा निष्कर्ष १९४६ पर्यंत प्रकट होऊ शकला नाही. माशीत जे सिद्ध झाले ते माणसात तसेच होते असा सरळ निष्कर्ष काढता येत नाही. पण धोक्याची सूचना तर मिळाली होती. ती मिळाल्यावरही रावळपिंडीच्या सैनिकांची, त्यांच्या पत्नींची, त्यांच्या मुलांची विचारपूस झाली नाही.

कुरआनाचे दोन शब्द

सूरह अल-बकराच्या २०५ व्या आयतीत एका विशिष्ट प्रवृत्तीच्या माणसाचे वर्णन आहे. त्याचे बोलणे गोड असते. पण सत्ता हाती येताच तो धरतीवर बिघाड माजविण्यासाठी धावपळ करतो आणि ‘हर्स’ व ‘नस्ल’ यांचा, म्हणजे शेतीचा आणि संततीचा, नाश करतो. अल्लाहला असा बिघाड पसंत नाही, असे तेथेच बजावले आहे.

या दोन शब्दांचा एकत्र उल्लेख विचार करायला लावणारा आहे. १९६२ ते १९७१ या काळात अमेरिकेने व्हिएतनामवर विमानांतून सात कोटी लिटरहून अधिक वनस्पतिनाशके फवारली. जंगलाचा आडोसा नाहीसा करणे आणि शत्रूच्या मुलखातील पिके नष्ट करणे, हा हेतू होता. त्यांपैकी ‘एजंट ऑरेंज’मध्ये डायॉक्सिन हे अत्यंत चिवट विष मिसळलेले होते. नाश हर्सचा करायचा होता. त्याची झळ नस्लला लागली. १९९६ साली खुद्द अमेरिकेला कायदा करावा लागला की, व्हिएतनाममध्ये गेलेल्या सैनिकाचे मूल ‘स्पायना बिफिडा’ हा पाठीच्या कण्याचा जन्मजात दोष घेऊन जन्मले, तर त्याला सरकारी साहाय्य मिळेल. पिता फवारणी करणाऱ्या बाजूचा होता, तरीही विषाने त्याचे घर वगळले नाही. फितन्यापासून सावध राहा, तो केवळ अत्याचार करणाऱ्यांपुरताच मर्यादित राहणार नाही, हा सूरह अल-अनफालच्या २५ व्या आयतीतील इशारा येथे अक्षरशः अनुभवास येतो.

सूरह अल-अनफालचे नाव आले म्हणून एक कटू सत्यही सांगितले पाहिजे. १९८८ साली इराकच्या राजवटीने कुर्द मुसलमानांविरुद्ध जी मोहीम चालविली, तिला याच पवित्र सूरहचे नाव दिले होते. त्याच वर्षी १६ मार्चला हलबजा शहरावर रासायनिक बॉम्ब टाकून सुमारे पाच हजार लोकांचा जीव घेण्यात आला. त्याआधी २८ जून १९८७ रोजी इराणच्या सरदश्त शहरावर मस्टर्ड गॅसचा मारा झाला होता. मारणारे आणि मरणारे दोघेही कलमा पढणारे होते. तेव्हा हा प्रश्न ‘त्यांच्या’ अन्यायाचा आणि ‘आपल्या’ निरपराधतेचा नाही. हजरत अबूबकर (रजि.) यांनी शामकडे निघालेल्या सेनापतीला स्त्रिया, मुले, वृद्ध यांना मारू नका, फळझाडे तोडू नका, वस्ती उजाड करू नका, अशी ताकीद दिली होती. मालिकी पंथाचे फकीह खलील बिन इसहाक यांनी विषारी बाण वापरणे हराम ठरविले आहे. ज्यांच्याजवळ अशी शिकवण आहे त्यांनी तिचा भंग केला, तर त्यांचा अपराध अधिक गंभीर ठरतो.

ओझे वेगळे, परिणाम वेगळा

आता मूळ प्रश्नाकडे वळू. कुरआन ज्या ओझ्याविषयी बोलते ते ‘वझ्र’ आहे, म्हणजे गुन्ह्याचे उत्तरदायित्व. पित्याच्या पापाबद्दल पुत्राला जाब विचारला जाणार नाही. प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या शिकवणीनुसार प्रत्येक बालक निर्मळ प्रकृतीवर जन्मते. म्हणून दोष घेऊन जन्मलेल्या मुलाकडे बोट दाखवून ‘ही आईबापाच्या कर्माची फळे’ असे म्हणणे इस्लामी शिकवणीच्या विरुद्ध आहे. हजरत अय्यूब (अ.) यांच्यासारख्या प्रेषितालाही दीर्घ व्याधीची कसोटी आली. व्याधी हा अपराधाचा पुरावा नव्हे.

परंतु कृत्याचा परिणाम पिढ्यांमधून वाहतो, हे कुरआन नाकारत नाही. सूरह अल-कहफमध्ये (आयत ८२) दोन अनाथ बालकांच्या भिंतीचा प्रसंग आहे. भिंतीखाली त्यांचा ठेवा होता आणि त्यांचा पिता नेक होता. म्हणून ती भिंत सावरून धरण्यात आली. पित्याची नेकी मुलांच्या कामी आली. आपण मातेचे दूध, भाषा, संस्कार, ईमान या सर्व गोष्टी न मागता मिळविल्या. माणसाला माणसापासून इतके तोडले असते की कोणाचीही हानी दुसऱ्यापर्यंत पोहोचू नये, तर कोणाचे भलेही दुसऱ्यापर्यंत पोहोचले नसते.

येथे काही लोक थांबतात आणि ‘तकदीर’ म्हणून हात झटकतात. ते योग्य नाही. ज्या मार्गाने दूध पोहोचते त्याच मार्गाने विषही पोहोचते, ही सृष्टीची रचना आहे. पण त्या मार्गात विष ओतणारा हात माणसाचा होता. परिणाम मुलाच्या शरीरावर असला तरी वझ्र त्या हाताच्या मालकाच्याच मानेवर आहे. किंबहुना परिणाम जितक्या पिढ्या चालेल तितके त्याचे ओझे वाढत जाईल. कोणी दुसऱ्याचे ओझे वाहणार नाही, या वचनाचा अर्थ असाही आहे की अपराध्याने आपले ओझे निरपराध बालकावर टाकून मोकळे होता येणार नाही.

न जन्मलेल्याचा हक्क

यावर एक गंभीर आक्षेप घेतला जातो. ज्या वेळी कृत्य घडले त्या वेळी हे मूल अस्तित्वातच नव्हते. मग त्याचा हक्क कसा भंगला?

इस्लामी कायद्याने न जन्मलेल्यांना हक्कापासून वंचित ठेवलेले नाही. हुझैल टोळीतील दोन स्त्रियांच्या भांडणात एकीने दुसरीला दगड मारला व तिचा गर्भ दगावला, तेव्हा प्रेषितांनी (स.) त्या गर्भाचीही भरपाई देवविली. याहून पुढचे उदाहरण हजरत उमर (रजि.) यांचे आहे. इराकची जमीन जिंकल्यावर ती लढणाऱ्यांतच वाटून टाकावी, असा अनेकांचा आग्रह होता. हजरत उमर (रजि.) यांनी सूरह अल-हश्रमधील नंतर येणाऱ्यांच्या उल्लेखाचा आधार घेतला. आज सर्व वाटून टाकले तर मागून येणाऱ्यांना काय उरणार, असे त्यांचे म्हणणे होते, आणि जमीन त्यांनी वाटली नाही. वक्फचेही असेच आहे. माणूस आपल्या अशा वंशजांसाठी मालमत्ता वक्फ करू शकतो, जे अजून गर्भातही आलेले नाहीत. आपल्या देशात कौटुंबिक वक्फच्या वैधतेसाठी १९१३ साली स्वतंत्र कायदा झाला होता.

ज्याला लाभात वाटा मिळू शकतो त्याला हानीत दाद का मिळू नये? जमिनीच्या उत्पन्नात ज्याचा हिस्सा धरला, त्याच्या शरीराच्या आरोग्यात त्याचा हिस्सा नाही, असे कोणता न्याय म्हणेल? आपल्या सर्वोच्च न्यायालयानेही भोपाळ वायुकांडाच्या प्रकरणात १९९१ साली वायूबाधित मातांच्या अद्याप न जन्मलेल्या मुलांसाठी विम्याचे संरक्षण असावे, असे म्हटले होते. भोपाळ हे युद्ध नव्हते. पण विषाला युद्ध आणि शांतता यांतला फरक कळत नाही.

पुरावा कोणी द्यायचा?

सर्वांत कठीण अडचण येथे आहे. बापाला झालेली विषबाधा आणि मुलाचा आजार यांचा संबंध एकेका घरापुरता सिद्ध करणे जवळजवळ अशक्य असते. आजाराला इतरही कारणे असू शकतात. पुरावा दावा करणाऱ्याने द्यावा, हा इस्लामी न्यायाचा सुप्रसिद्ध नियम आहे. मग सैनिकाच्या मुलाचा दावा येथेच संपला का?

नाही, कारण याच न्यायात अमानतीचाही नियम आहे. अमानत सांभाळणाऱ्याने मर्यादा ओलांडली किंवा हयगय केली, तर तो केवळ विश्वस्त राहत नाही, भरपाईस बांधील होतो. सैनिकाचे शरीर हे त्याच्या सेनापतीच्या हाती दिलेली अमानत असते. तुमच्यापैकी प्रत्येकजण राखणदार आहे आणि प्रत्येकाला आपल्या हाताखालच्यांविषयी विचारले जाईल, अशा आशयाची हदीस आपण नेहमी ऐकतो. ज्याने त्या शरीरावर विष अजमावले, नोंदी आपल्याकडे ठेवल्या, त्या दडविल्या आणि पाठपुरावा केलाच नाही, त्याने उलट विचारावे की ‘पुरावा कुठे आहे?’, हा न्याय नव्हे. ज्याच्या हयगयीने पुरावा नाहीसा झाला, शंकेचा फायदा त्याला मिळता कामा नये. फिकहचा आणखी एक नियम आहे : ज्याच्या पदरी लाभ, त्याच्याच पदरी तोटा. सैनिकाच्या शरीरातून मिळालेले ज्ञान आणि विजय राज्याच्या पदरी पडले असतील, तर तोट्याचा धनीही राज्यच आहे.

हे केवळ आदर्श नाहीत. भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली धरमवीर सिंह यांच्या खटल्यात सांगितले की, भरतीच्या वेळी ज्याच्या आजाराची नोंद नव्हती अशा सैनिकाला पुढे अपंगत्व आले, तर ते सेवेमुळे आले असे गृहीत धरावे; तसे नसल्याचे सिद्ध करण्याची जबाबदारी सरकारवर आहे. अमेरिकेनेही १९९१ च्या कायद्याने आपल्या सैनिकांच्या काही आजारांबाबत असेच गृहीतक स्वीकारले. मात्र व्हिएतनामी पीडितांनी रसायन बनविणाऱ्या कंपन्यांविरुद्ध अमेरिकेत लावलेला दावा २००५ साली फेटाळला गेला आणि वरच्या न्यायालयांतही तो टिकला नाही. एकाच विषाने बाधित झालेल्या दोन मुलांपैकी एकाला मदत आणि दुसऱ्याला नकार! एखाद्या लोकसमूहाचे वैर तुम्हाला अन्यायास प्रवृत्त न करो, ही सूरह अल-माइदाची (आयत ८) शिकवण किती अवघड आहे, हे येथे कळते.

भारताने १९९७ साली आपल्याकडील हजार टनांहून अधिक मस्टर्ड गॅसचा साठा जाहीर केला आणि २००९ पर्यंत तो आंतरराष्ट्रीय देखरेखीखाली पूर्णपणे नष्ट केला. येरवड्यापासून जवळच, दापोडीच्या सैनिकी अभियांत्रिकी महाविद्यालयात, आज रासायनिक हल्ल्यापासून बचाव कसा करावा हे शिकविले जाते. ही दिशा योग्य आहे, आणि नागरिक म्हणून तिचे स्वागत केले पाहिजे.

आपल्या उंबरठ्याच्या आत

राज्याचे कर्तव्य सांगून आपली जबाबदारी संपत नाही. सैनिक असो, दारूगोळ्याच्या कारखान्यातला कामगार असो की रसायनांत राबणारा मजूर, त्याच्या घरी अशक्त किंवा अपंग मूल जन्मले की समाज काय करतो? बहुतेक वेळा दोष सुनेवर येतो. ‘आमच्या खानदानात असे कधी नव्हते’ हे वाक्य तिला आयुष्यभर ऐकावे लागते. बहिणीचे लग्न अडेल म्हणून मूल पाहुण्यांसमोर आणले जात नाही. एकीकडे शस्त्र बनविणाऱ्याने आपले ओझे निरपराधावर टाकले म्हणून आपण निषेध करतो, आणि दुसरीकडे तेच ओझे घरातल्या सर्वांत दुबळ्या माणसावर टाकतो. हाही वझ्रच्या नियमाचा भंगच आहे.

सूरह अन-निसाच्या ९ व्या आयतीत लोकांना सांगितले आहे की, आपण मागे दुर्बल संतती सोडून गेलो असतो तर आपल्याला तिची किती काळजी वाटली असती, याचा विचार करून त्यांनी अल्लाहचे भय बाळगावे आणि सरळ, न्याय्य बोलावे. या आयतीवर अंमल करायचा तर काही गोष्टी आजच करता येतील. घरातील वडीलधाऱ्यांनी कोठे नोकरी केली, कोणत्या पदार्थांशी त्यांचा संबंध आला, कोणते आजार झाले, याची नोंद कुटुंबाने लिहून ठेवावी. रावळपिंडीच्या सैनिकांच्या घरी हीच नोंद नव्हती. गर्भवतीची तपासणी वेळेवर करावी. तपासणी म्हणजे तवक्कुलला बाधा, असे मानू नये; साथीच्या प्रदेशात न शिरता परत फिरताना हजरत उमर (रजि.) यांनी, आपण अल्लाहच्या एका तकदीरकडून त्याच्याच दुसऱ्या तकदीरकडे जात आहोत, असा खुलासा केला होता. माजी सैनिकांच्या विधवांना व मुलांना जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयापर्यंत पोहोचविण्याचे, कागदपत्रे जुळविण्याचे काम मशिदीतील चार शिकलेले तरुण सहज करू शकतात. आणि लग्नाच्या बोलणीत आजार लपवू नये. तसेच आजार कळल्यावर त्या घराची बदनामीही करू नये.

ज्यांची दाद या जगात लागली नाही, त्यांचे काय? रावळपिंडीच्या खोलीत गेलेल्या सैनिकांची नावे माणसांनी जपली नाहीत. पण प्रत्येक कृत्य लिहिणारे सन्माननीय लेखक नेमलेले आहेत, अशी आपली श्रद्धा आहे. सूरह अत-तकवीरमध्ये एका दिवसाचे चित्र आहे, ज्या दिवशी जिवंत पुरलेल्या मुलीलाच विचारले जाईल की, तिला कोणत्या अपराधासाठी मारले. त्या दिवशी साक्ष पीडिताची असेल आणि कोणतेही दफ्तर गुप्त राहणार नाही. पण आखिरतवरील ही श्रद्धा म्हणजे या जगात गप्प बसण्याचा परवाना नव्हे. ज्याला त्या दिवसाची खात्री आहे त्याने आजच शक्य तितका हिशेब चुकता करावा, आणि आपल्या शेजारच्या दुर्बल लेकराचे ओझे आपल्या खांद्यावर घ्यावे.

हे अल्लाह, आमच्या शेतीचे आणि आमच्या संततीचे रक्षण कर. जे विषाने पीडित आहेत त्यांना शिफा दे, त्यांच्या मातापित्यांना धैर्य दे, आणि आम्हाला त्यांच्या बाबतीत न्यायाने बोलणारे व न्यायाने वागणारे बनव. आमीन.